पोथीऐवजी प्रुडन्स

रविवार, १३ ऑक्टोबर

लायब्ररीच्या सेलमधून आणलेल्या बाईंनी आज पार दमवलं. दोनशे वर्षांपूर्वीची अमेरिकन लेखिका, पाद्र्याची बायको, त्या काळी म्हणे घरोघरी वाचली जायची. आता तिची चार पुस्तकं एका कागदी पिशवीत, आणि वर लोणच्यांचं एक पुस्तक फुकट. प्रत्येक प्रकरणात एक सद्गुण. नायिका प्रुडन्स, वय सतरा, मरेल पण खोटं बोलणार नाही. शेजारणीनं केक कसा झालाय विचारलं तरी ही आधी प्रार्थना करते आणि मग खरं ते सांगते! अशा मुलीला आमच्या या अमेरिकेतल्या डब्लिनमध्ये कुणी दुसऱ्यांदा पॉटलकला, डबे घेऊन जमायच्या जेवणाला, बोलावणार नाही.

पण सासूबाईंना आवडतंय. त्यांचे डोळे गेल्यापासून सकाळी पोथीचा अध्याय मी वाचते, आणि आता दुपारी ही बाई. इंग्रजीवरून नजर फिरवत मराठीत सांगत जायचं. घसा कोरडा पडतो.

“त्यांचा देव फार परीक्षा घेतो गं,” आई म्हणाल्या. “आपला निदान नैवेद्य तरी खातो.”

मंगळवार, १५ ऑक्टोबर

बाळभाऊजी गेले.

नागपूरला रात्री जेवून उठले आणि तिथेच कोसळले. त्यांच्या बायकोचा, रेखाचा, फोन आला तेव्हा इथे दुपार होती. माझा नवरा गुरुनाथ मागच्या अंगणात पानं गोळा करत होता. फोन कानाला, दुसऱ्या हातात तो लांब दांड्याचा पंजा. धाकटा भाऊ गेल्यावर त्याच्या तोंडून पहिलं वाक्य आलं ते हे – “आईला सांगायचं नाही.” रडला नंतर, गॅरेजमध्ये.

मीही मान हलवली. आईंचं हृदय कसंबसं चालतंय, धक्का बसेल असं काही नको, हे डॉक्टरांनी मागच्याच महिन्यात बजावलंय.

मग गुरुनाथ आत आला तो सरळ आंघोळीला गेला. डोक्यावरून पाणी. हा माणूस जन्मभर म्हणत आला, माझा कशावर विश्वास नाही! त्याच्यामागून मी. केसांना टॉवेल गुंडाळून बाहेर आले तर आई खुर्चीतून म्हणाल्या, “आत्ता आंघोळ, गुरू?”

“पानं काढत होतो. अंगाला खाज सुटली.”

“आणि शैलजा?”

“मीही पानंच,” मी म्हटलं.

बुधवार, १६ ऑक्टोबर

रात्रभर एकच घोर. दहा दिवस सुतक. देवाला हात लावायचा नाही, पोथी उघडायची नाही. आईंना काय सांगू? पोथी चुकवायला कारण कुठून आणू? दोन-तीन सबबी तयार करून खाली आले तर त्या आपणहून म्हणाल्या, “आज पोथी नको. डोकं जड झालंय. ती तुझी प्रुडन्सच वाच सकाळी पण.”

सुटले!

घंटेचं मात्र करावं लागलं. रोज सकाळी गुरुनाथ पूजा करून घंटा वाजवतो – विश्वास नाही, पण आईसाठी. आज आवाज आला नसता तर आईंना लगेच कळलं असतं. म्हणून मी देवघरात गेले, घंटा उचलली, हलवली, ठेवली. दिवा नाही, फूल नाही.

गुरुनाथ बेसमेंटमध्ये बसला होता. तिकडचा अंत्यविधी त्यानं फोनवर बघितला, आवाज बंद करून. वर आई होत्या ना.

शुक्रवार, १८ ऑक्टोबर

तो नागपूरला जाऊ शकत नाही. गेला तर आईंना काय सांगणार? ऑफिसची टूर म्हणावं, तर त्याला रिटायर होऊन वर्षं झाली.

आज प्रुडन्सनं एका दुकानदाराला जास्तीचे सुटे पैसे परत केले. त्यासाठी बर्फातून सात मैल चालली. आई म्हणाल्या, “तिला घरात काही कामं नाहीत का?” मी हसले. या घरात हसू आलं याचंच नवल वाटलं.

रविवार, २० ऑक्टोबर

हे लिहू नये असं वाटतंय.

रविवारी सकाळी बाळभाऊजींचा फोन यायचा. एक रविवार चुकला नाही. आज आई नाश्ता न करता खुर्चीत बसून राहिल्या. गुरुनाथ येरझारा घालत होता. मला वाटलं आता सांगतोय. तर त्यानं फोन काढला, बाळभाऊजींचा उन्हाळ्यातला एक व्हॉइस मेसेज शोधला आणि आईंच्या कानाशी धरला.

“आई, बाळ बोलतोय. तब्येत सांभाळ. इकडे गरमी फार आहे, आंबे आलेत. गुरूला म्हणावं, तुझं डोकं दुखलं तर बाम लावून दे, गोळ्या नको देत बसू.”

मी सिंकचा नळ मोठा सोडला. ऑक्टोबरमध्ये आंबे! आईंना कळलं नाही असं कसं होईल? त्या एवढंच म्हणाल्या, “पुन्हा लाव.”

त्यानं पुन्हा लावला.

संध्याकाळी अनयाचा शिकागोहून फोन. तिला सांगितलं, लपवणार कुठे. लेक चिडली. “ममा, दॅट्स हर सन! शी हॅज अ राइट टू नो.” मी म्हटलं, तुझ्या बाबाला सांग. “आय डिड. ही हंग अप.”

मंगळवार, २२ ऑक्टोबर

बाईंनी माझा घात केला. प्रुडन्सचा भाऊ बोटीवर होता. बोट बुडाली. गावचा पाद्री आणि वडील ठरवतात, आजारी आईला कळू द्यायचं नाही. आणि प्रुडन्सला म्हणतात, तू भावाच्या नावानं पत्रं लिही!

आधी वाचून ठेवलं होतं म्हणून वाचले. आईंसमोर ते अख्खं प्रकरण गाळलं आणि पुढच्या सुगीच्या जत्रेवर उडी मारली. भोपळे, ॲपल पाय, लोकांचं गाणं.

“पानं फार उलटलीस,” आई म्हणाल्या.

“चिकटली होती.”

“बरं. त्या पोरीचा भाऊ कुठे आहे आता?”

“बोटीवर.”

“अजून?”

मी पाणी आणायला उठले. या वयात प्रुडन्स माझी परीक्षा घेणार असं वाटलं नव्हतं.

गुरुवार, २४ ऑक्टोबर

दिवाळी तोंडावर आलीय. इथल्या मराठी मंडळातून चकल्यांच्या ऑर्डरसाठी फोन येतायत. घरात काही तळायचं नाही, पण तळणाचा वास नाही आला तर आई विचारणारच, याची भीती होती. आज त्यांनीच विषय काढला. “यंदा फराळ नको करूस. माझ्या तोंडाला चव नाही, आणि गुरूचं कोलेस्टेरॉल.” देव पाठीशी आहे म्हणावं तर त्याला सध्या हातही लावता येत नाही.

जेवत मात्र नाहीत नीट. दोन घास, मग ताट सरकवतात. ही चव गेली म्हणून, की औषधांमुळे? उद्या डॉक्टरांना विचारते.

शुक्रवार, २५ ऑक्टोबर

भांडण झालं. दबक्या आवाजात, किचनमध्ये, फ्रिजचं दार उघडं ठेवून.

मी म्हटलं, आता पुरे. सुतक संपलं, परवा तेरावं. त्या आई आहेत. त्यांनी मुलासाठी रडायचं कधी?

“आणि काही झालं तर?” तो म्हणाला. “मागच्या वेळी बाथरूममधून उचललं तिला ते मी, शैलजा. ओठ निळे पडले होते. माझा भाऊ गेलाय. आता आईला मी स्वतःच्या तोंडानं मारू?”

मी फ्रिजचं दार लावलं. राग आला होता, तो टिकला नाही. तो इतका म्हातारा दिसतो हे या दहा दिवसांत कळलं.

वर जाऊन ते गाळलेलं प्रकरण संपवलं. प्रुडन्स पत्रं लिहायला नकार देते, गुडघे टेकते, आईला सगळं सांगते. आई तिला आशीर्वाद देते आणि दोन पानांत शांतपणे मरते. खाली बाईंचं तात्पर्य – सत्याचा विजय झाला! बाईंचं काय जातंय? प्रुडन्सची आई मेली तरी त्यांना पुढचं प्रकरण आहे. आमच्याकडे एकच आई आहे. पुस्तक भिंतीवर मारावंसं वाटलं. लायब्ररीचं असतं तर मारलं नसतं, पण विकत घेतलेलं आहे. तरी नाही मारलं.

आणि तरीही ती पोरगी डोक्यातून जात नाही. तिला भीती वाटत होती आणि तिनं सांगितलं. मला भीती वाटते आणि मी घंटा वाजवते.

शनिवार, २६ ऑक्टोबर

गुरुनाथ दुपारी पानं काढायला गेला. एकही पान काढलं नाही. आत येऊन म्हणाला, “उद्या सांगू. तू सांग. माझ्याच्यानं होणार नाही.”

आईंची गोळी टेबलावर काढून ठेवलीय. वाक्य जुळवतेय. कुठल्याही वाक्यानं सुरुवात केली तरी ते तिथेच जाऊन थांबतं.

रविवार, २७ ऑक्टोबर

आईंनी उठल्याबरोबर माझ्याकडून केस धुवून घेतले. खुर्चीत बसल्या. मी समोर बसले, त्यांचा हात धरला, तोंड उघडलं.

“आज तेरावं ना?” त्याच म्हणाल्या. “शिरा कर. बाळला आवडायचा.”

“तुम्हाला कसं कळलं?”

“भर दुपारी दोघं एकापाठोपाठ डोक्यावरून पाणी घेता, आणि त्याआधी अंगणातून गुरू रेखाशी बोलताना ऐकू आलेला. मला डोळे नाहीत, कान आहेत. सुतकात तुला पोथी कशी वाचायला लावू? म्हणून ती प्रुडन्स. तू मात्र घंटा वाजवत बसलीस, वेडे.”

“आई, मग तुम्ही बोलला का नाहीत?”

“भावाला खांदा नाही देता आला गुरूला. निदान आईला सांभाळतोय, एवढं तरी वाटू दे म्हटलं त्याला.”

गुरुनाथ दारात उभा होता. कधीपासून, कोण जाणे. आईंनी त्या दिशेला हात केला.

“ये,” म्हणाल्या. “आता रड.”