हडळीचं माहेर

किनवट, ८ ऑक्टोबर २०२४

ती. सौ. वर्षावहिनींस,
सा. न. वि. वि.

इथे जंगलात फोनला रेंज नाही. सामान आणायला गाडी नांदेडला जाते, तिच्याबरोबर हे पत्र पोस्टात टाकायला देतेय. या सिनेमातही मी हडळच! चेटकीण झाले, झपाटलेली सून झाले. माझं नाव कुणाला ठाऊक नाही, पण किंकाळी लोक बरोबर ओळखतात.

भाऊबीजेला लातूरला येऊ का? भुताखेतांची कामं करणाऱ्या लेकीनं उंबरा ओलांडू नये, असं अण्णांनी पहिल्या सिनेमानंतर बजावलं होतं. अजून तेच धरून बसलेत का? दादाला विचारायची भीती वाटते. घराची फार आठवण येते, वहिनी.

तुमच्यावर आणि तुमच्या धपाट्यांवर सारखाच लोभ असलेली,
प्रमोदिनी


लातूर, १४ ऑक्टोबर २०२४

चि. प्रमोदिनीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं आणि आज घरात हलकल्लोळ! तुझ्या सिनेमातला तिरडीवरचा फोटो गावाकडच्या धोंडप्पाला कुठूनसा मिळाला. त्यानं शहानिशा न करता गावाच्या ग्रुपवर ‘भावपूर्ण श्रद्धांजली’ टाकली, आणि सगळ्यांनी धडाधड हात जोडले. तुझ्या काकांनी तर दहावा कधी, तेही विचारून घेतलं.

अण्णा फोटो बघून अनवाणीच स्टँडवर गेले, फोन घरीच टाकून. मागाहून ह्यांनी सिनेमावाल्यांच्या नांदेडच्या ऑफिसात चौकशी केली, तेव्हा तू ठणठणीत असल्याचं कळलं. जीव भांड्यात पडला बाई! आता हे अण्णांच्या मागे निघालेत, त्यांच्याजवळच ही चिठ्ठी देते. अण्णा रागावले तर ऐकून घे.

शंभर वर्षं जग, एवढाच लोभ,
वर्षावहिनी


किनवट, १६ ऑक्टोबर २०२४

ती. सौ. वहिनींस,
सा. न. वि. वि.

अण्णा आले तेव्हा मी पांढरे केस सोडून, तोंडाला रक्त लावून चहा पीत होते. नवखा माणूस पळालाच असता. अण्णांनी लांबूनच ओळखलं आणि माझं तोंड दोन्ही हातांत धरून ढसाढसा रडले. त्यांचं धोतर लाल झालं. मीही रडले, मेकअपवाला कपाळाला हात लावून बसला.

दादा पोचेपर्यंत अण्णा दिग्दर्शकाला झापून मोकळे झाले होते, की माझ्या लेकीला असल्या गारठ्यात भुईवर का निजवता. भाऊबीजेला घरी ये म्हणालेत, वहिनी! निघताना त्यांनी एकच बजावलं, की हडळ हो, चेटकीण हो, कायबी हो, पर मरायचं काम तेवढं घिऊ नको. मी हो म्हटलं. भूत व्हायला आधी मरावं लागतं, हे त्यांना सांगायचा मला धीर झाला नाही.

दिवाळीत येते, तोवर लोभ सांभाळून ठेवा.
तुमची,
प्रमोदिनी