पिंजारवस्ती पूर्वेलाच का?

९ एप्रिल, बुधवार
ग्रा.पं.त पत्र आलंय. वस्त्यांची जातीवाचक नावं बदलायची. आमच्या शिवारात तशी एकच, पिंजारवस्ती. १ मेच्या सभेत नवं नाव ठरणार, सोबत वस्तीची पानभर माहिती जोडायची. सरपंच म्हणाले, ताई, तुमचं अक्षर चांगलं, तुम्हीच लिहा. म्हणजे मी सदस्य आहे ती अक्षरासाठी, बाकी नुसता हात वर करायला! असो. सतरा वर्षं झाली या गावात नांदायला येऊन. गिरणी चालवते, अख्ख्या गावाचं दळण हाताखालून जातं. पण ती वस्ती ओढ्यापलीकडे, पूर्वेला एकटीच का, हे कधी विचारलं नाही.

१२ एप्रिल, शनिवार
दळणाला येणाऱ्या प्रत्येकीला विचारलं. एक म्हणे गावात घेत नसतील. दुसरी म्हणे पूरबीर आला असेल. सासूबाईंना मात्र आठवतं. इकडं सगळा कापूस होता, कांदा नंतरचा. पिंजारी गाद्यांचा कापूस पिंजायचे, लग्नसराईत त्यांना दम खायला वेळ नसायचा. मोबदला धान्यात. घरं बरीच होती. आता एकटे रशीदचाचा उरलेत, बाकी सगळे मालेगावला नाहीतर नाशिकला.
हे म्हणाले, जातेसच तर चाचांच्या जागेचं पण विचार. त्यांचा सलीम त्यांना मालेगावला नेणार म्हणतोय. कांदाचाळीला एक नंबर जागा, तिथं कांदा सडत नाय.
खरंच सडत नाही. आजूबाजूला चार जणांच्या चाळी आहेत, सगळ्यांचा टिकतो. का पण?

१६ एप्रिल
पान लिहिलं. ‘पिंजारी समाजाला गावाबाहेर जागा देण्यात आली.’ अगदी सरकारी थाट. स्वतःवरच खूश.

२० एप्रिल, रविवार
दुपारी चाचांकडे. चाची गेल्यापासून एकटेच असतात. चहा स्वतः केला, मला हात लावू दिला नाही. पान वाचून दाखवलं. त्या वाक्यावर थांबवलं.
“देण्यात आली? कोणी दिली, सूनबाई?”
म्हटलं, गावानं. त्यांनी नाही म्हणून मान हलवली. एवढी लाज वाटली की पान पिशवीत कोंबलं.
मग उठले. जुन्या गादीची शिवण उसवून चिमूटभर कापूस काढला, मला अंगणात नेलं आणि हात वर करून सोडला. तीनचा सुमार, पश्चिमेचा वारा सुटलेला. कापूस पडीक रानावरून पूर्वेला गेला तो दिसेनासाच झाला.
“उन्हाळाभर वारा हाच. गाद्या पण उन्हाळ्यातच व्हायच्या. गावाच्या त्या, मावळतीच्या अंगाला बसलो असतो, तर तुमच्या आजेसासऱ्यांच्या ताटात कापूस पडला असता. माझ्या आजानं ही जागा स्वतः शोधली. चार दिवस कापूस उडवत हिंडला शिवारात.”
चार दिवस! मी येडीच झाले ऐकून. माझ्या गिरणीचं पीठ शेजारणीच्या वाळवणावर जातं म्हणून आम्ही दोघी कधीच्या भांडतोय, पण वारा बघायचं मला काही सुचलं नाही.
आणि कांदा याच वाऱ्यानं टिकतो! चाळीच्या फटींतून आरपार जातो. लोक म्हणतात जागेचा गुण. गुण त्या म्हाताऱ्याच्या डोक्याचा.
घरी येऊन पान फाडलं. नव्यानं लिहिलं.

२४ एप्रिल
सलीमचा फोन. “काकू, ते नाव काढून टाकाच. शाळेत मला ए पिंजारी म्हणून हाक मारायचे. पोरांच्या आधारवर मला ते नको.” त्याचंही खोटं नाही. बकरी ईदच्या आत चाचांना नेणार म्हणाला.
संध्याकाळी चाचांना सांगितलं. म्हणाले, “बरोबर हाय त्याचं. मला पण ती हाक कधी गोड नाय लागली. पण नाव गेलं, मी गेलो, मग आम्ही इथं होतो हे सांगणार कोण?”
जागेचं विचारायला तोंडच नाही झालं. यांना थाप मारली, चाचा झोपले होते म्हणून.

१ मे, गुरुवार
सभा. पान वाचलं. चाळीवाले एकमेकांकडे बघायला लागले. सरपंचांनी नाव आणलेलं, आदर्शनगर. कोणीतरी विचारलं, तिथं आदर्श काय आहे, कांदे? सगळे हसले, सरपंच सोडून.
चाचा आलेले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. पायरीवरच बसले, खुर्ची दिली तरी घेतली नाही. तुम्हीच सुचवा म्हटल्यावर म्हणाले, नाव तुमच्या मनाचं ठेवा, ते पान तेवढं फायलीत राहू द्या.
नावावर एकमत नाही. पुढच्या सभेत बघू. पान मात्र ठरावाला जोडलं. ग्रामसेवक भाऊसाहेब शिक्का मारत होते तेव्हा चाचा उठून टेबलापाशी आले, वाकून वाचलं. बोट लावून, एकेक ओळ. मला रडूच आलं, सगळ्यांदेखत.

४ मे, रविवार
सलीम टेम्पो घेऊन आला, ठरल्याच्या आधीच. फ्रिज चढवला, पेट्या चढवल्या. चाचा बाजेवरून उठेचनात. पावसाळा झाल्यावर बघू म्हणाले. तासभर वाद. शेवटी सलीमनं फ्रिज उतरवला, पेट्या उतरवल्या आणि गिरणीवर येऊन माझ्यावर भडकला. काकू, दम्याचा माणूस आहे तो. रात्री-अपरात्री काही झालं तर तुमचं पान धावत येणार का?
यांनीही दुपारपासून अबोला धरलाय. नांदगावच्या माणसाला चाळीच्या लोखंडाचा इसार देऊन बसलेत, मला न सांगता.
मी चुकले का? चाचा राहिले याचा आनंद झालाय, तो लपवत नाही. पण दम्याचं मला खरंच माहीत नव्हतं. गावाबद्दल एवढं विचारत फिरले आणि त्यांना, चाचा, तब्येत कशी आहे, एवढं विचारलं नाही.
आत्ता भाकरी देऊन आले. औषधाच्या बाटलीवरचं नाव लिहून आणलंय. गावात ते मिळत नाही. सलीमला फोन लावला, उचलत नाहीये.