मोहाखालच्या बाजा

३ मे
ढोली जमिनीपासून ४.२ मीटरवर, मोहाच्या खोडात. राखी धनेशाची मादी आत. ढोलीचं तोंड तिने चिखल अन् स्वतःच्या विष्ठेने लिंपलंय. चोच बाहेर येईल एवढीच फट. आत तिची उडायची पिसं झडतात, म्हणून खाणं नरानेच आणायचं. नर राखाडी, लांब शेपटीचा, चोचीवर छोटं शिंग. आज अकरा फेऱ्या — दहादा वडाची फळं, एकदा सरडा.

अनंतकाकांचं पत्र. "लातूरला क्लासवाले जीवशास्त्राला माणसं शोधून राहिलेत. पाखरांची बिळं काय मोजतीस?" चार पर्यायांतून एक निवडणारी पोरं घडवायची! नको.

६ मे
सकाळी धक्का. डब्यातलं पाणी हललं, बस. पण अख्खी वाडी बाहेर! किल्लारीच्या भूकंपाला सात महिने झाले, यांची भीती जात नाही. पंधरा-वीस बाजा थेट मोहाखाली. चुली, रेडिओ, कोंबड्यासुद्धा.
फेऱ्या : दोन.

८ मे
शून्य. नर लांब सागावर बसतो. चोचीत फळ. तसाच परत जातो.

बाजा हलवा म्हटलं. मादी आत उपाशी मरेल. साखराबाई — म्हातारी इथली पुढारीण — हसली. "पाखरू घरात कोंडून मरायलंय म्हणतीस, अन् आमाला घरात जा म्हणतीस व्हय?"
सगळे खिदळले. अडाणी.

९ मे
शून्य.
टेप, वही, दुर्बीण बघून लोकांनी मला घरं तपासणारी इंजिनीयर ठरवलंय. वनरक्षक व्यंकट सांगायला निघाला, "न्हाई रं, बाई पाखरावाल्या —" मी त्याला गप्प केलं.

एकवीस घरांच्या भिंती मोजल्या. मातीत रचलेले दगड. मला त्यातलं काही कळत नाही. दारावर खडूची खूण — घर नीट आहे. साखराबाईच्या मागच्या भिंतीला बोटभर भेग.
"अन् ही वं?"
"जुनी आहे. झोपा आत."
संध्याकाळी मोहाखालचं मैदान रिकामं. मेंढरं!

११ मे
सात फेऱ्या. ढोलीतून पिल्लांचा आवाज. किमान दोन.

१४ मे
पहाटे पुन्हा धक्का. साखराबाईंना दुपारी भिंतीखालून काढलं. गेल्या.
त्यांची सून महादेवी माझ्यासमोर येऊन उभी राहिली. वाटलं, मारणार.
"बाई, आता तुमीच सांगा. आत झोपावं का बाहीर?"