अंजिराला दिलेला सांगावा

५ जानेवारी
अंजिराची पानं सगळी गळाली. कोंबांचे डोळे फुगायच्या आत छाटणी व्हायला हवी. हे गेल्यापासूनची पहिलीच. घमापुरच्या रामसजीवन माळ्याला फोन केला. म्हणाला, "माताजी, परसों पक्का." त्याचं परसों कधी उजाडतं ते त्यालाच ठाऊक.
पुण्याहून निखिलचा फोन. तेच. "आई, एकटी काहून राहून राहिली तिथं? चल न इकडे." पोरगं काळजीनं बोलतं. पण मला हे घर सोडायचं नाही. मेले तरी इथेच.

६ जानेवारी
संध्याकाळी झाडाला सांगून आले. सासूबाईंची रीत. छाटणीच्या आदल्या दिवशी खोडाला हळद-कुंकू, चार अक्षता, आणि उद्या कोण येणार ते सांगायचं. ज्याचं नाव सांगितलं त्यानंच काम पुरं करायचं, मध्ये दुसऱ्याचा हात नको. हे हसायचे, पण मी सांगून आल्याशिवाय कात्री हातात घेत नसत.
परत येऊन दिवा लावताना लक्षात आलं. रामसजीवनचं नाव घ्यायच्या ऐवजी सवयीनं म्हणून बसले, "उद्या सकाळी हे येतील."
चाळीस वर्षांची सवय, दुसरं काय. जाऊन दुरुस्त करणार होते. थंडी फार. राहू दिलं.

७ जानेवारी
पूर्वेकडच्या तीन फांद्या छाटलेल्या. डोळ्याच्या वर बोटभर जागा ठेवून, तिरपा काप. कापांवर हळदीचा लेप.
वाटलं, रामसजीवन पहाटेच येऊन गेला. फोन केला तर, "हम तो खटिया से उठे ही नहीं, माताजी. बुखार है."
पुन्हा जाऊन पाहिलं. काप उलट्या बाजूला उतरलेले. हे डावखुरे होते.
घाबरले. खोटं कशाला लिहू.

८ जानेवारी
मग मीच केलं का? झोपेत? हा विचार कालच्यापेक्षा वाईट. दिवाळीत एकदा गॅस चालू राहिला आणि नेमकं निखिलनं पाहिलं, तेव्हापासून पुण्याचा धोशा. हे कळलं तर दुसऱ्या दिवशी सामान बांधेल.
अंजिराचा चीक लागला की उन्हात कातडी लाल होते, पुरळ येतं. यांचं डावं मनगट दर जानेवारीत भाजल्यासारखं दिसायचं. पेपर वाचता वाचता न बघताच हात पुढे करायचे, मी खोबरेल लावायची.
म्हणून आज तासभर अंगणात हात उन्हात धरून बसले. भिंतीपलीकडून शेजारची भाभी, "दीदी, मेहंदी सुखा रही हो क्या?" हो म्हटलं. या वयात, आणि मला, मेंदी! दोघी हसलो. मी जरा जास्तच.
हात स्वच्छ. काही नाही.

१० जानेवारी
आणखी दोन फांद्या. शिडी भिंतीला टेकवलेली. माझ्यानं ती हलतसुद्धा नाही.
रामसजीवन उगवला एकदाचा. झाडाभोवती एक चक्कर मारली, कात्री पिशवीत परत. "जिसने शुरू किया है, वही पूरा करेगा." चहा घेतला, तोही फाटकात उभ्यानं.

११ जानेवारी
निखिलचा फोन. बोलता बोलता छाटणी चालू आहे म्हणाले.
"कोण करून राहिलं?"
फोन दुसऱ्या कानाला लावला.
"आई, कोण करून राहिलं?"
"रामसजीवन."
"त्याच्याशी कालच बोललो मी. त्यानं हात नाही लावला म्हणते."
एवढी वर्षं पोरांची खोटी कारणं पकडली शाळेत. आज मी पकडले गेले. शनिवारी येतोय. दोघांची तिकिटं काढून.

१७ जानेवारी
निखिल आला. बॅग ठेवून आधी झाडाकडे. एकेक काप वाकून पाहिला. मग, "बाबासारखंच कापलंय."
मग माझ्याकडे वळून, "तू शिडीवर चढली होती?"
हो म्हणावं तर सत्तरीची बाई शिडीवर. नाही म्हणावं तर...
नाही म्हटलं. तो माझ्याकडे असं बघत राहिला की मलाच माझी कीव आली. तिकिटं मंगळवारची. टेबलावर ठेवलीत.
संध्याकाळी अक्षता घेऊन गेले. नऊ फांद्यांपैकी पाच झाल्या. एक पाखरांसाठी राखलेली, ती हे कधीच कापत नसत. म्हणजे उरल्या तीन. खोडाला हात लावून म्हटलं, "आता तुम्ही येऊ नका. मी इथं नसेन. उरलेलं निखिल करेल."
रडले. त्यांना निरोप द्यायला दवाखान्यातसुद्धा इतकं जड गेलं नव्हतं.

१८ जानेवारी
सकाळी पाहिलं. दोन फांद्या झालेल्या. काप उलटे.
निखिल नऊला उठला. उजव्या हाताचा मुलगा, लहानपणापासून. चहा, पोहे, मग अंगणात खुर्ची टाकून उन्हात पेपर. बारा वाजता पाणी द्यायला गेले तर डावं मनगट खाजवत होता. लालबुंद.
"काय झालं रे?"
"मच्छर असतील. तुमच्या इथे बहोत आहेत न."
खोबरेल आणलं. त्यानं पेपरातून मान वर न करता हात पुढे केला. मी लावत राहिले.
आईनं मुलाचं नाव झाडाला असं द्यायचं असतं का? मला एवढंच म्हणायचं होतं की...
"आई," पेपराच्या मागून, "एकच राहिली न आता? पाखरांची सोडून."
झाड मागच्या अंगाला आहे. सकाळपासून तो तिकडे गेलेला नाही.
"हो," म्हटलं.
"मग मंगळवारचं राहू दे. ती झाल्यावर बघू."
मी माजघरात आले. तिकिटं टेबलावर तशीच आहेत. आज संध्याकाळी झाडाकडे जायचं की नाही, आणि गेले तर कोणाचं नाव घ्यायचं?