बालाजीची मिशी

२ फेब्रु., सोम. घाटनांदूर
दिग्दर्शक मीच, कॅमेरामन मीच. शिव्या घालायला तिसरा माणूस नाही. केजात लग्नाचं शूटिंग, मग मुंबईत मालिका, जाहिराती, एक भुताचा पिच्चरसुद्धा. सगळे दुसऱ्यांचे. हा पहिला स्वतःचा. हीरो आपला सिरसाळ्याचा दुकानदार बालाजी. नट नाहीच तो, पण ती झुपकेदार मिशी! नुसती थरथरली तरी डायलॉग लागत नाही.
संध्याकाळी खबर. त्याचे वडील, अण्णा, अंबाजोगाईला दवाखान्यात. छाती भरलीय.

३ फेब्रु.
सगळं युनिट अण्णांची तब्येत विचारतंय. अगदी मायेनं. पण आपले कान तिखट. चहाच्या टपरीमागं रफिक लाइटवाला कुणाला तरी सांगत होता, "म्हातारा गेला की हीरोचं डोकं, मिशी, सगळं साफ. थोरला हाय ना तो. त्यांच्यात मातीच्या आधीच उतरवतेत."
झापला त्याला. झापताना मनात उरलेले सीन मोजत होतो.

४ फेब्रु.
केजच्या नाटकवाल्याकडून खोटी मिशी आणवली. रफिक म्हणतो, "लांबून चालतंय की, साहेब." लांबून चालेल. जवळून केरसुणी चिकटवल्यागत दिसते. दिग्दर्शक म्हणतो चालव, कॅमेरामन म्हणतो थू.
शेवटी जवळचे शॉट सगळे आधी घ्यायचं ठरवलं.
बालाजी : "दादा, सकाळपासून तोंडावरच कॅमेरा कावून?"
"तोंडच झकास हाय बे तुझं."
लाजला बिचारा.

५ फेब्रु.
बालाजीसोबत दवाखान्यात गेलतो. अण्णांनी त्याला औषधं आणायला धाडलं, मला जवळ बोलावलं. बालाजीच्या बहिणीच्या, सुनंदाच्या लग्नात ह्याच माणसानं पहिल्यांदा माझ्या हातात कॅमेरा दिलता. पाव्हणे ओरडत होते, क्यासेट वाया घालवंल पोरगं. अण्णा म्हणाले होते, घालवू द्या.
आज म्हणाले, "काय बे, माझ्या पोराची मिशी तुझ्यापाशी अडकलीया म्हणं?"
हसू आणि खोकला एकदमच आला त्यांना. कुणी सांगितलं असेल?
"मी दम धरतो. तू बिगी बिगी उरक. किती ऱ्हायलंय?"
"थोडंच, अण्णा."
लई राहिलंय.
येताना जीपमध्ये बालाजी, "अण्णा आज लई खुशीत दिसले, न्हाई का?"

६ फेब्रु.
दिवसभर शूटिंग. पाखरू ओरडलं तरी दचकतोय. अण्णा बरे व्हावेत असं वाटतं. ते नक्की कुणासाठी वाटतं, ते काही...

७ फेब्रु., शनि. दुपार
जवळचे दोनच शॉट उरलेत. हीरो रिकाम्या घरात एकटा बसलाय, बोलायचं काही नाही. आवाज नको म्हणून सगळ्यांचे फोन बंद. बालाजीचा चालू, माझ्या खिशात, दवाखान्यामुळं. मीच शब्द दिलता, घरचा फोन आला की लगेच देतो.
टेक चालू असताना फोन गुरगुरला. सुनंदा. बालाजी असा काही बसला होता की बास. कट म्हटलं नाही. फोन थांबला. पुन्हा गुरगुरला.
मग कट.
"कसं झालं, दादा?"
"एक नंबर. आता ह्या बाजूनं एक घेऊ."
रफिक लाइट फिरवतोय, तोवर हे लिहितोय. तिसऱ्यांदा वाजतोय. रफिक माझ्या खिशाकडं बघतोय.
बालाजीनं बसल्या जागेवरून विचारलंय, "दादा, घरचा हाय का?"