खालच्या मजल्यावरचा मोरित्झ

१४ मे २००६, रविवार

कुत्र्याला जर्सी शिवलीय! पाठीवर नंबर शून्य. टीमचा मॅस्कॉट म्हणे. टीम कुठली, तर खालच्या लीगमधली, बघायला धड पन्नास माणसं नसतात. हा मोरित्झ तोंडात चेंडू धरून अंपायरला नेऊन देतो आणि लोक उभं राहून टाळ्या वाजवतात. माझा नवरा नागेश याच टीममध्ये खेळतो, त्याच्यासाठी कोणी उभं राहिलेलं मी अजून पाहिलं नाही. कॉलेजात क्रिकेट खेळायचा, इथे जर्मनीत, ब्राउनश्वाइगला येऊन बेसबॉलचा नाद लागला. मी आपली थर्मास घेऊन गार बाकावर.

बरं, घरी येऊन तरी सुटका? कुत्र्याची मालकीण, फ्राऊ ब्रांट, आमच्याच खालच्या मजल्यावर.

२१ मे, रविवार

कुकरच्या दोन शिट्ट्या झाल्या. फ्राऊ ब्रांट वर हजर. रविवारी रूहेत्साइट असते, शांतता पाळायची असते. म्हटलं, आणि तो सकाळपासून भुंकतोय ते? तर म्हणे, तो क्लबचा आहे. म्हणजे क्लबचा कुत्रा भुंकत नाही, गातो!

नागेश हसला. 'तिच्याशी वाकडं घेऊ नकोस, क्लबमध्ये तिचंच चालतं, मला टीमबाहेर काढेल,' म्हणाला. बायकोपेक्षा टीम महत्त्वाची.

१ जून, गुरुवार

सासूबाई येऊन आठवडा झाला. आज मोरित्झला जिन्यात बघून चक्क हात जोडले! दत्तगुरूंच्या पायाशी कुत्री असतात ना. बाल्कनीतून पोळीचे तुकडे टाकतात त्याला. सांगितलं, आई, इथे विचारल्याशिवाय कुणाच्या कुत्र्याला काही घालत नाहीत. ऐकतील तर शपथ. मुकं जनावर आहे, म्हणे. मी इथे तीन वर्षं मुक्यासारखी बसलेय, माझी दया नाही आली कोणाला. जर्मनचा क्लास मध्येच सोडला तेव्हा नागेश म्हणाला होता, मी आहे ना बोलायला.

२२ जून, गुरुवार

सगळा देश फुटबॉलने वेडा झालाय, आमच्याकडे मात्र रविवारच्या बेसबॉलचं टेन्शन. जिंकले तर वरच्या लीगमध्ये. आईंनी दत्ताला नैवेद्याचा शिरा केला, बेदाणे मुठीने घातलेत. एक डबा नागेशने प्रॅक्टिसला नेला, उरलेला आईंच्या ताब्यात.

मोरित्झ दुपारभर भुंकला. मरत का नाही एकदाचा, असं मी मोठ्याने म्हणाले. आईंनी ऐकलं.

२३ जून, शुक्रवार

मोरित्झ रात्रीपासून ओकतोय. दवाखान्यात सलाइनवर आहे. ओकारीत बेदाणे निघाले. बेदाणे कुत्र्याला विषासारखे असतात! मला माहीत नव्हतं. आमच्या अख्ख्या खानदानात कोणाला माहीत नसेल.

फ्राऊ ब्रांट दारात येऊन ओरडून गेली. निम्मं कळलं नाही, पण माझ्याकडे रोखलेलं बोट कळलं. या बिल्डिंगमध्ये बेदाण्याचं गोड दुसरं कोण करतं?

ती गेल्यावर नागेशने दार लावलं आणि विचारलं, 'तू काही घातलंस का त्याला?'

मी. मला विचारलं त्याने.

२४ जून, शनिवार

आई सकाळपासून जेवलेल्या नाहीत. शिरा नाही गं घातला, पोळीच घालते मी, असं चार वेळा म्हणाल्या. पाचव्यांदा म्हणाल्या, घातला असेन का गं? आठवत नाही. मग रडल्या. भांड्यात शिरा शिल्लक नाही, कोणी किती खाल्ला कोण सांगणार?

फ्राऊ ब्रांट पोलिसांत जायचं म्हणतेय. नागेशने मला स्वयंपाकघरात नेलं. 'आईनेच घातला असणार. पण या वयात तिला चौकशीला उभं करायचं का? तू सांग, चुकून माझ्या हातून झालं. तुला कोण काय करणार आहे? मी जर्मनमध्ये नीट समजावतो.'

आईंशी माझं कधी पटलं नाही. पण रडताना बघवेना. गेले खाली.

जिन्यात उभी राहून मराठीत बोलले, नागेश शेजारी उभा राहून जर्मनमध्ये सांगत होता. माझ्या हातून झालं, मला माहीत नव्हतं, माफ करा. सगळं नीट सांगितलं त्याने, माझ्यापेक्षा चांगलं. फ्राऊ ब्रांट त्याच्याकडे बघून मान हलवत होती. त्याच्या खांद्यावर हातसुद्धा ठेवला. बिचारा! कसली बायको मिळाली!

माझ्या तोंडावर दार बंद.

२५ जून, रविवार

हरले. मोरित्झची जर्सी बाकावर टांगली होती म्हणे. मी गेले नाही.

२ जुलै, रविवार

मोरित्झ घरी आला. जगला, पण मूत्रपिंडं अधू झालीत. आता पळायचं नाही, चेंडू नाही, मैदान नाही. आज जिन्यात बसला होता. मला बघून शेपूट हलवली मेल्याने! त्याला कोण सांगणार की मी त्याची वैरीण आहे.

क्लबकडून निरोप आला, मी मैदानावर न आलेलं बरं. वरच्या मजल्यावरचे लोक नमस्कार करत नाहीत. बेकरीत सगळं माहीत आहे. नागेश मात्र खेळायला जातो. 'थोडे दिवस सहन कर,' म्हणतो. कुत्र्यावर राग होता तेव्हा तरी बरं होतं, भुंकला की राग काढता यायचा.

६ जुलै, गुरुवार

बसस्टॉपवर नागेशच्या टीममधला येन्स भेटला. त्या शुक्रवारीच पहाटे सुट्टीवर गेला होता, काल परतला. अजून कोणाला भेटला नाही, त्याला काहीच माहीत नाही. सासूबाईंच्या पिवळ्या गोडाचं कौतुक करत होता, साध्या जर्मनमध्ये, हळूहळू. त्या गुरुवारी प्रॅक्टिसनंतर मोरित्झबरोबर ते दोघंच मागे राहिले होते. नागेशने डब्यातला उरलेला सगळा शिरा मोरित्झपुढे ठेवला. आमच्या देवाचा कुत्रा आहे, खाऊ दे, रविवारी जिंकू, म्हणाला. येन्सने हसत हसत सांगितलं.

म्हणजे जिन्यात शेजारी उभा राहून माझी माफी जर्मनमध्ये सांगत होता, तेव्हा त्याला ठाऊक होतं.

घरी येऊन आईंना सगळं सांगितलं. लेकाची बाजू घेतील असं वाटलं होतं. पण त्या उठल्या. मग तोंड धुतलं, नीट पदर घेतला, चपला घातल्या.

'नागेश यायच्या आत खाली चल,' म्हणाल्या. 'मी आहे बरोबर. जर्मन येईल तसं बोल.'