दुपारी बाराचा पंचनामा

मंगळवार, पौर्णिमा. भाट्याच्या खाडीवरून आत्ताच परतलो.

कोर्टात आज माझी चांगलीच शोभा झाली, तरी मन हलकं आहे. गंमतच म्हणायची.

हमीदाबीच्या होडीचं इंजिन चोरीला गेलं त्याला चार महिने झाले. चोर सापडत नाही, तपास बंद करावा, असा अहवाल आम्ही पाठवला होता. सोबत मी लिहिलेला पंचनामा. मॅजिस्ट्रेट बाईंनी मंजुरीआधी हमीदाबीला बोलावलं आणि तो वाचून दाखवला: दुपारी बारा वाजता होडीभोवतीच्या वाळूची पाहणी केली.

हमीदाबी शांतपणे म्हणाली, "मॅडम, त्या दिवशी अमावास्या होती. बाराला भरती, होडीपाशी कंबरभर पाणी. हवालदार पोहत होते काय?"

बाईंनी हसू दाबलं. त्या लातूरच्या, तरी त्यांना कळलं. आणि मी? जन्म इथला, बाप खलाशी, आणि ठाण्यात पंख्याखाली बसून लिहिलं काय, तर दुपारी बारा. अहवाल नामंजूर. पुन्हा तपास करा, दर पंधरा दिवसांनी कोर्टाला कळवा.

आज सहाला ओहोटी होती. पँट गुडघ्यापर्यंत दुमडून उतरलो खाडीच्या चिखलात. तिथे रोज जाळी दुरुस्त करत बसणाऱ्या आबांना चोरीबद्दल विचारलं. इंजिन ज्या टेम्पोतून नेलं, त्याचा रंग त्यांनी सांगितला. वर टेम्पोवाल्याचं नावही.

मी म्हटलं, "आबा, मग चार महिने बोलला का नाहीत?"

"विचारायला कोण आलं होतं?"